चार बोटं कमी

मित्रांनो, मी हँडबॉलचा एक जुना गोलपोस्ट आहे. आहे म्हणायचं आपलं! आता माझे दोन उभे खांब आणि वरचा आडवा दांडा असे तीन तुकडे नाशिकरोडच्या एका शाळेत पाण्याच्या टाकीमागे पडलेत. अंगावरचा लाल-पांढरा रंग केव्हाच उडाला. सकाळी शिपायाच्या कोंबड्या माझ्यावर येऊन बसतात आणि जे करायचं ते करून जातात. तुम्ही म्हणाल, काय ही अवस्था! अहो, चालायचंच. जुन्या लाकडाला कोण विचारतं?

पण मी माझं रडगाणं गायला बसलेलो नाही. क्रिकेटच्या स्टंपाला सगळे ओळखतात, मला कुणी ओळखत नाही, याचंही मला आता काही वाटत नाही. मला सांगायचंय ते एका मुलीचं. मालन तिचं नाव. मालन भिकन पगारे. माझ्यात जन्मतःच एक खोट राहिली होती, आणि त्या खोटीचा भुर्दंड तिनं भरला. ते तुम्हाला सांगितल्याशिवाय मला चुलीत जायचं नाही.

माझा साग सुरगाण्याकडच्या डोंगरातला. तिथून मी नाशिकच्या वखारीत आलो आणि वखारीतून देवळाली गावच्या गोटीराम मिस्त्रीकडे. साल होतं एकोणीसशे त्र्याहत्तर. गोटीराम दाराच्या चौकटी करण्यात पटाईत. चेहेडीपासून भगूरपर्यंत निम्म्या घरांना त्याच्या चौकटी. रंधा असा मारायचा की हात फिरवला तर कुसळ लागू नये. त्याच्याकडे एक दिवस शाळेचे खेळाचे मास्तर, निवृत्ती सर, सायकलवर आले. सर सुट्टीत कुठल्याशा शिबिराला जाऊन हा नवाच खेळ शिकून आले होते. त्या खेळानं त्यांना नुसतं झपाटलं होतं.

"मिस्त्री, तीन मीटर रुंद आणि दोन मीटर उंच, अशा दोन चौकटी करायच्या."

"करू की. खाली उंबरठा कसा पाहिजे? जाड का पातळ?"

"अहो, उंबरठा नको. दार नाही बसवायचं त्यात."

"दार नाय बसवायचं, मग चौकट कशाला सर?" गोटीराम चक्रावला. सर पोट धरून हसले. हातानं चेंडू मारायचा, या चौकटीत गेला की गोल, असं त्यांनी समजावलं. गोटीरामनं मान हलवली, आणि सर सायकलवर टांग टाकून निघून गेले. त्या दोघांच्या बोलण्यात एवढी एक गोष्ट राहून गेली.

मुलांनो, हे नीट ऐका, कारण सगळं इथंच घडलं. सुतार दाराच्या चौकटीचं माप बाहेरून बाहेर धरतो. का? तर गवंड्यानं भिंतीत जेवढी जागा सोडलेली असते, तेवढ्यात ती चौकट बसली पाहिजे. हा त्यांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा रिवाज. गोटीरामनं तेच केलं. माझ्या एका खांबाच्या बाहेरच्या कडेपासून दुसऱ्या खांबाच्या बाहेरच्या कडेपर्यंत बरोबर तीन मीटर. पण हँडबॉलला तीन मीटर लागतात ते आतून, मोकळे. माझे खांब चार बोटं जाडीचे. म्हणजे डावीकडून चार बोटं आणि उजवीकडून चार बोटं, एवढा मी आतून अरुंद झालो. वरूनही तेवढाच ठेंगणा. गोटीरामचं चुकलं म्हणू? त्याच्या धंद्यात ते बरोबरच होतं. सर टेप घेऊन आले असते तर झालं असतं काम! पण सरांना घाई. त्यांनी रंगाचे डबे आणले, मला लाल-पांढरे पट्टे मारले आणि मैदानावर पुरून टाकलं. पूर्वेला माझा भाऊ, पश्चिमेला मी.

सुरुवातीला आमचे हाल काय विचारता! मागच्या वस्तीतल्या बायका माझ्यावर धुतलेल्या गोधड्या वाळत घालायच्या. कुणाची तरी शेळी माझ्या खांबाला बांधलेली असायची. सर रोज येऊन शेळी सोडायचे आणि बायकांच्या हातापाया पडायचे. त्या गोधड्यांत एक शकुबाईची असायची. शकुबाई म्हणजे मालनची आई. मालनचे वडील भिकन पगारे स्टेशनजवळच्या मालधक्क्यावर हमाल होते. दिवसभर पोती वाहायची आणि मुकादमाची बोलणी खायची, असं त्यांचं आयुष्य. माणूस मान वर करून बोलायचा नाही.

मालन तेव्हा नववीत होती. अंगानं काटकुळी आणि उंच. सरांनी मुलींचा संघ काढला तेव्हा गोलात उभं राहायला कुणी तयार होईना. चेंडू आला की पोरी डोळे मिटायच्या नाहीतर तोंड फिरवायच्या. सरांनी मालनला उभं केलं. पहिलाच चेंडू दाणकन तिच्या नाकावर बसला. रक्त आलं. सर धावत आले, तर ही बाहीनं नाक पुसून म्हणते, "सर, अडला ना पण?"

त्याच वेळी भिकनदादा खांद्यावर हमालीचा आकडा टाकून घरी चालले होते. ते मैदानाच्या कडेला थबकले. पुढचा चेंडू आला, पोरगी हलली नाही. त्याच्या पुढचा आला, हलली नाही. भिकनदादांनी आकडा खाली ठेवला आणि शेजारच्या माणसाला म्हणाले, "बघितलं का? माझी पोरगी हाय ती. तिला भ्याव म्हणून ठाऊक नाय." त्यांचा आवाज एवढा मोठा मी त्याआधी कधी ऐकला नव्हता. त्या दिवसापासून ते रोज मालधक्क्यावरून येताना थांबायला लागले.

शकुबाईनं दादांच्या जुन्या खाकी पँटीला गुडघ्यावर आणि कमरेवर चिंध्यांचे थर घातले आणि गोधडीला घालतात तसे टाके घालून मालनला गोलकीपरची पँट शिवून दिली. ती घालून मालन माझ्यापुढे उभी राहायची. दिंडोरीकडची झुंबर नावाची एक मुलगी वसतिगृहात राहत होती, तिच्या हाताला भलता जोर. संध्याकाळी सगळ्या गेल्या तरी झुंबर चेंडू मारत राहायची आणि मालन अडवत राहायची. मालनची एक सवय होती. आधी उजव्या हातानं माझा एक खांब चाचपायचा, मग सरकत जाऊन डाव्या हातानं दुसरा. डोळे चेंडूवर, आणि हातांना माझी जाण. असं करता करता तिचं सगळं अंग माझ्या मापाचं झालं. कुठं झेप घ्यायची, हात किती लांबवायचा, याचा तिला विचार करावा लागत नव्हता. तिचा हात जिथं संपायचा तिथंच माझा खांब असायचा. मला तेव्हा काय अभिमान वाटायचा म्हणून सांगू!

दोन वर्षांत मालनच्या नावाचा डंका वाजू लागला. आमच्या मैदानावर येऊन तिला गोल मारणं म्हणजे चेष्टा नव्हती. एकदा खानदेशातून एका शाळेच्या मुली आल्या आणि सपाटून हरल्या. त्यांच्याबरोबर एक बाई होत्या. सामना संपल्यावर त्या माझ्याजवळ आल्या, दोन्ही खांबांकडे आळीपाळीनं बघितलं आणि म्हणाल्या, "सर, हा गोल जरा अरुंद वाटतो हो."

"वाटणारच बाई," सर म्हणाले. "हरल्यावर सगळ्यांना तसंच वाटतं."

पोरी खिदळल्या. मालनही हसली.

"तसं नाही. एकदा मोजून बघू या का? टेप आहे?"

सरांचा चेहरा बदलला. "अहो, नियमांच्या पुस्तकातलं माप देऊन बनवून घेतलाय. आमच्यावर विश्वास नाही का तुमचा?"

त्या बाई बिचाऱ्या भिडस्त. "तसं नाही सर, राहू द्या," म्हणाल्या आणि मुलींना घेऊन गाडी पकडायला निघून गेल्या. मला ओरडावंसं वाटलं. अहो बाई, थांबा! मोजा! पण लाकडाला तोंड असतं तर अजून काय हवं होतं?

अठ्ठ्याहत्तर साली मालनला पुण्याहून बोलावणं आलं. एका सरकारी महामंडळानं मुलींचा हँडबॉलचा संघ काढला होता. खेळाडू म्हणून नोकरी, राहायला वसतिगृह. नोकरी हंगामी. राष्ट्रीय स्पर्धेत चमकून देशाच्या शिबिराला निवड झाली, तर परमनंट. त्या वर्षी जयंतीला वस्तीनं मालनचा सत्कार केला. निळ्या कमानीखाली तिला खुर्चीवर बसवलं आणि भिकनदादांना शेजारी. दादांना बोलायला सांगितलं, तर माईक हातात धरून ते नुसते उभे राहिले. शेवटी म्हणाले, "आम्ही आजवर सगळ्यांना भीतच आलो. ही नाय भीत." आणि खाली बसले. हे झुंबर दुसऱ्या दिवशी माझ्या खांबाला टेकून मैत्रिणींना सांगत होती, ते मला ऐकू आलं.

मालन गेली आणि मैदान मला ओकंबोकं वाटायला लागलं. पण ती लवकरच परत आली, सुट्टी टाकून. माझ्यापुढे गुडघ्यात डोकं घालून बसली.

"काय झालं गं?" झुंबरनं विचारलं.

"कोपऱ्यातले चेंडू जातात गं. दोन्ही कोपऱ्यांतले. माझा हात बरोबर जातो, पण हाताच्या पलीकडून चेंडू निघून जातो. इथं हात संपतो तिथं खांब असतो. तिथं खांब कुठं निघून जातो, तेच कळत नाही."

मित्रांनो, पोरीनं किती नेमकं सांगितलं होतं! खांब निघून जातो. अगदी चार बोटं निघून जातो! सर शेजारीच उभे होते. त्यांनी ऐकलं आणि हसून म्हणाले, "वेडाबाई, खांब कुठं जाणार? तुझं मन जातं. मोठं मैदान, मोठी माणसं बघून दबतेस तू. चल, उठ. घरच्या मातीत हात बसव."

मग आठवडाभर झुंबर चेंडू मारत राहिली आणि मालन अडवत राहिली. एक चेंडू जाईना. मालनचा चेहरा खुलला. "बघ," सर म्हणाले, "इथं कसे अडवतेस? म्हणजे हात चांगला आहे. धीर कमी आहे." मालननं मान हलवली आणि पुण्याला गेली.

पुण्याला खऱ्या मापाच्या गोलात महिने-दोन महिने खेळली की तिचं अंग हळूहळू त्या मापाला लागायचं. तिथल्या शिकवणाऱ्या बाई शाबासकी द्यायच्या. पण मोठी स्पर्धा जवळ आली की सरांचा निरोप यायचा, "आठ-दहा दिवस ये, हात बसवून जा." ती भक्तिभावानं यायची. मैदानात पाऊल टाकताना चप्पल काढायची. माझ्या खांबाला हात लावून तो कपाळाला लावायची. आणि मी तिला पुन्हा माझ्या मापाची करून पाठवायचो. पुण्याच्या बाई तिला म्हणायच्या, "घरी गेलीस की तू बिघडून येतेस. आईच्या हातचं खाऊन जड होतेस का काय?" तिला वाटायचं, बाईंना आमचं नाशिकरोडचं मैदान आवडत नाही. असं एक वर्ष झालं, दोन वर्षं झाली. जितकी जास्त मेहनत तितकी जास्त बिघडत होती पोर. ती माझ्यापुढे घाम गाळायची तेव्हा माझ्या आतला साग तडकायचा. खरं सांगतो, मला तेव्हा वाळवी लागून मी पडलो असतो तर बरं झालं असतं.

एक्क्याऐंशी साली शेवटची संधी आली. महामंडळानं सांगितलं होतं, या वर्षी शिबिराला निवड झाली तर परमनंट, नाहीतर बघू. "बघू" म्हणजे काय ते हमालाच्या पोरीला सांगावं लागत नाही. दादांची पाठ तेव्हा गेली होती. पोतं उचललं की डोळ्यांपुढे अंधारी यायची. पण मालधक्क्यावर ते सगळ्यांना सांगत फिरत होते, "माझी पोरगी परमनंट होणार." मालन पंधरवडाभर सुट्टी टाकून आली. झुंबरचं लग्न ठरलं होतं, तरी ती दिंडोरीहून एसटीनं यायची, हाताला हळद लागायच्या आदल्या दिवसापर्यंत आली. दोघी अंधार पडेपर्यंत खेळायच्या. शेवटच्या दिवशी मालननं एकही चेंडू जाऊ दिला नाही. सरांनी नारळ फोडून तिला खोबरं दिलं.

स्पर्धेत काय झालं, ते तिनंच परत येऊन सांगितलं. अंतिम सामना बरोबरीत होता. शेवटच्या क्षणाला समोरच्या संघाला पेनल्टी मिळाली. मारणारी डाव्या कोपऱ्यात मारणार हे मालननं ओळखलं होतं. तिनं बरोबर तिकडेच झेप घेतली. हात पूर्ण लांबवला, आणि हात आणि खांब यांच्या मधून चेंडू आत गेला. निवडणारे साहेब समोरच बसले होते. मालनचं नाव शिबिराच्या यादीत आलं नाही. "घरच्या मैदानावर वाघीण, बाहेर शेळी," असं कुणीतरी म्हणालं आणि ते नाशिकरोडपर्यंत आलं. सरांनीही मोठ्या दुःखानं मान हलवली. "गुणी होती हो," ते स्टाफरूममधल्या लोकांना मैदानावर फेऱ्या मारताना सांगायचे, "पण ऐन वेळी भ्यायची." सरांचं वाईट मन नव्हतं. पण चांगल्या माणसाच्या तोंडून निघालेलं असं वाक्य जास्त लागतं.

मालधक्क्यावर मुकादमानं दादांना टोमणा मारला. "काय रे भिकन, पोरगी घाबरली म्हणं?" दादांनी पुढचं पोतं पाठीवर घेतलं. संध्याकाळी मैदानावर आले. मालन माझ्या खांबाला टेकून बसली होती. दादा तिच्यापुढे उकिडवे बसले. बराच वेळ माती उकरत राहिले.

"माले, घाबरली का गं तू?"

मालननं वर बघितलं. मला वाटलं, आता ती म्हणेल, नाही दादा! पण इतकी वर्षं सरांनी सांगितलेलं, पुण्यात ऐकलेलं, सगळं तिच्या मनात मुरलेलं होतं. तिला ते खरंच वाटत होतं.

"हो दादा," ती म्हणाली. "मी भ्याले."

"असू दे," दादा म्हणाले. "आपल्यात असतंच ते." आणि उठून गेले. त्यानंतर ते मैदानाच्या कडेला कधी थांबले नाहीत. जाताना खाली मान घालून जायचे. दोन वर्षांनी पाठीचं दुखणं वाढून ते गेले. त्याच वर्षी महामंडळानं मालनची नोकरी बंद केली. तिचा गुडघाही तोवर कामातून गेला होता.

मालन परत आली. शाळेत रोजंदारीवर मदतनीस म्हणून लागली. वर्ग झाडायची, पाण्याचे माठ भरायची, आणि संध्याकाळी वस्तीतल्या मुलींना हँडबॉल शिकवायची. चुन्याच्या फक्कीनं स्वतः रेषा मारायची. मुलींना सगळं शिकवायची, फक्त गोलात उभं राहून दाखवायची नाही. एखादी मुलगी चेंडूला डोळे मिटायला लागली तर तिला कधी रागवायची नाही. "भीती वाटतेच गं," म्हणायची. तिचा तो मऊ आवाज ऐकून मला फार वाईट वाटायचं. जी मुलगी नाकातून रक्त येत असताना हलली नव्हती, ती असं बोलत होती.

आम्हीही थकलो होतो. माझ्या भावाला वाळवी लागून तो एका पावसाळ्यात आडवा झाला. मी लंगडत उभा होतो. सत्याऐंशी साली शाळेला अनुदानातून लोखंडी चौकोनी पाइपांचे नवे कोरे गोलपोस्ट आले. त्यातला एक माझ्याच शेजारी, हातभर पुढे उभा केला. मला उपटायचं काम दुसऱ्या दिवशी होणार होतं. नव्या गोलपोस्टचा वास घेत मुली नाचत होत्या. एकीनं हट्टच धरला, "मालनताई, तुम्ही उभ्या राहा ना! एकदाच! पहिला चेंडू तुम्ही अडवायचा!"

मालन नको नको म्हणत होती, पण मुली ऐकेनात. गुडघ्याला फडकं बांधून, पदर खोचून ती नव्या गोलपोस्टपुढे उभी राहिली. मुलीनं कोपऱ्यात चेंडू मारला. मालनचं अंग आपोआप तिकडे झेपावलं, हात गेला, आणि हात आणि खांब यांच्या मधून चेंडू आत गेला.

मुलींनी टाळ्या पिटल्या. मालन जमिनीवर पडूनच राहिली. हात तसाच लांबवलेला. ती आपल्या बोटांकडे बघत होती, आणि बोटांपुढच्या रिकाम्या जागेकडे. मग तिनं मान वळवून मागे माझ्याकडे बघितलं. ती उठली, माझ्यापुढे येऊन उभी राहिली. तीच जुनी सवय, उजवा हात खांबाला, सरकत जाऊन डावा हात खांबाला. मग तेच तिनं नव्या गोलपोस्टमध्ये केलं. डावा हात हवेत राहिला. पुन्हा माझ्याकडे आली, पुन्हा तिकडे गेली. मुली हसायच्या थांबल्या.

"ताई, काय झालं?"

मालननं रेषा मारायच्या दोरीचं टोक माझ्या एका खांबाला आतून धरायला एका मुलीला सांगितलं, आणि दोरी ताणून माझी आतली रुंदी घेतली. तीच दोरी नव्या गोलपोस्टला लावली. मधे जागा उरली. 

त्याच संध्याकाळी ती गोटीराम मिस्त्रीला हाताला धरून घेऊन आली. म्हातारा आता थकला होता. त्यानं माझ्यावरून हात फिरवला. "माझाच हाय की. बरोबर तीन मीटर हाय, बाहेरून बाहेर. मोजून बघा, दोराभर फरक निघाला तर नाव बदलीन."

"बाबा, आतून मोजायचं होतं."

"चौकट आतून कोण मोजतं पोरी? भिंतीत कशी बसंल मग?" तो गोंधळून म्हणाला. मालन त्याच्यावर चिडली नाही. त्याला घरी पोहोचवून आली.

मग सर आले. त्याच महिन्यात ते निवृत्त व्हायचे होते. ते आधी मानायलाच तयार नव्हते. "असं कसं होईल? पुस्तकातलं माप आहे!" मग त्यांनी स्वतः टेप धरला. एकदा मोजलं. चष्मा पुसला. पुन्हा मोजलं. टेप हातातून सुटून सळसळत गुंडाळला गेला. सर माझ्या पायाशीच बसले.

"मालन," ते म्हणाले, "मग तू भ्यायली नव्हतीस."

"नाही सर."

"मी सगळ्यांना सांगत फिरलो गं. मी तुला मुद्दाम बोलावून घ्यायचो..."  ते म्हाताऱ्या माणसासारखे रडायला लागले. मग डोळे पुसून उठले. "मी आता वस्तीत जातो. तुझ्या आईला सांगतो. मालधक्क्यावर जातो, त्या मुकादमाला सांगतो. शाळेत फळ्यावर लिहितो. सगळ्यांना सांगतो, पोरगी भित्री नव्हती."

मालन ऐकत होती. आजवर मी तिला असं कधी बघितलं नव्हतं.  एकदम तिचा आवाज फुटला.

"सगळ्यांना सांगा सर. पण माझ्या दादांना कोण सांगणार? त्यांनी मला विचारलं होतं. मी हो म्हणाले!"

  मालन मातीत बसून हुंदके देत राहिली आणि मुली तिच्याभोवती येऊन बसल्या. अंधार पडला तसं शकुबाई तिला शोधत आल्या आणि घरी घेऊन गेल्या.

दुसऱ्या दिवशी मला उपटलं. सरांनी सांगितलं, तिथंच कुऱ्हाड घाला. मालन म्हणाली, "नको, त्याचं काय चुकलं?" म्हणून मी इथं टाकीमागे आहे. पलीकडे रोज संध्याकाळी चेंडूचा आवाज येतो. मालन आता स्वतः गोलात उभी राहते. गुडघा साथ देत नाही, निम्मे चेंडू जातात, पण ती मुलींना दाखवते, हात कुठपर्यंत गेला पाहिजे ते. तिला आता कुठलं शिबिर मिळणार नाही आणि परमनंटही कुणी करणार नाही. ते दिवस गेले ते गेलेच.

मित्रांनो, माझ्यासारखे म्हातारे शेवटी म्हणतात, मला रंग द्या, मला सावलीत ठेवा. मी तसं म्हणत नाही. थंडी पडली की मला खुशाल बंबात घाला. माझं एवढंच ऐका. उद्या तुमच्यापैकी कुणी मास्तर होईल, कुणाला भाऊ-बहीण असेल, कुणाला लेकरं होतील. त्यातलं कुणी जीव तोडून मेहनत करून हरून घरी आलं, तर लगेच त्याच्या छातीवर बोट ठेवू नका. तू भित्रा आहेस, तुझ्यात धीर नाही, असं म्हणू नका. ते तुमचं खरं मानतं हो! आणि तुम्ही विचारलंत तर होही म्हणतं. म्हणून विचारायच्या आधी उठा, शेजारून का होईना टेप मागून आणा, आणि ते जिथं शिकलं ती चौकट आतून मोजून बघा.